पलीकडची खिडकी

फक्त आजच्या दिवसापुरतं पुलाखालच्या पोस्टात जा, तिथला माणूस आजारी पडलाय, असं साहेबांनी सांगितलं तेव्हा सिरिल यान्सनच्या हातातला कप बशीवर जरा जोरात टेकला, एवढंच झालं. नाही म्हणायला काहीतरी कारण द्यावं लागतं, आणि त्याच्याकडे असलेलं एकमेव कारण तोंडाबाहेर काढण्यासारखं नव्हतं. त्या पोस्टापासून दोन गल्ल्या सोडून त्याचा जन्म झाला होता. आई अजून तिथेच राहत होती, भाऊ तिथेच, लहानपणची सगळी माणसं तिथेच. नऊ वर्षांत तो केप टाउनच्या त्या भागात फिरकला नव्हता. शहराच्या दुसऱ्या टोकाला, गोऱ्यांच्या वस्तीतल्या पोस्टात, गोऱ्यांच्या खिडकीमागे बसून तो गोऱ्यांना तिकिटं विकत आला होता. तिथल्या कोणालाही, घरी बायकोलासुद्धा, माहीत नव्हतं की देशाच्या कायद्याप्रमाणे हा माणूस गोरा नाही. त्याची आई सावळी होती, भाऊ तिच्याहून सावळा. रंग त्याने बापाचा घेतला होता, आणि बापही नुसता दिसायलाच गोरा, कागदावर सावळाच होता. तिकिटांच्या खिडकीमागची नोकरी अशा घरातल्या माणसांसाठी नसते, हे त्या शहरात शेंबड्या पोरालाही ठाऊक होतं.

बसमध्ये त्याने स्वतःची समजूत घातली. तिथेही दोन खिडक्या असणार, आपण गोऱ्यांच्या खिडकीमागे बसू, पलीकडे कोण येतं-जातं ते आपल्याला दिसणारही नाही. पण आजारी पडला होता तो नेमका पलीकडच्या खिडकीचा माणूस. पोस्टमास्तर स्वानपूल, पोट सुटलेला, सतत पेपरमिंट चघळणारा, स्वभावाने आनंदी म्हातारा, त्याने सिरिलचा हात मनापासून हलवला आणि डावीकडचं स्टूल दाखवलं. एक दिवस नरकात काढायचा आहे, असं हसत म्हणाला. ओरडल्याशिवाय या लोकांना कळत नाही, ओरडायचं आणि शिक्का मारायचा. आतली खोली एकच होती, चहाची किटली एकच, तिकिटांचं कपाट एकच. भिंत घातली होती ती बाहेरच्या दालनात, मधोमध. उजव्या दाराने गोरे यायचे, आणि त्यांच्या खिडकीसमोर बहुतेक वेळ कोणीच नसायचं. डाव्या दाराने बाकीचे. दारावर पाटी होती, बिगर-गोरे. सिरिलने खिडकीची फळी वर सरकवली आणि समोरून रॉकेलचा, धुण्याच्या साबणाचा आणि मसाल्यात तळलेल्या मासळीचा वास एकदम अंगावर आला. हा वास नको म्हणून त्याने नऊ वर्षं स्वतःच्या घरात चुलीवर मसाला पडू दिला नव्हता. रांग दाराबाहेर फुटपाथपर्यंत गेली होती. आणि पुढचे बहुतेक चेहरे त्याच्या ओळखीचे होते.

कोणीही ओळख दाखवली नाही. पहिला होता तो कोळसेवाला फ्रेडरिक्स, ज्याच्या हातगाडीवर बसून सिरिल शाळेत जायचा आणि उतरल्यावर आईचा मार खायचा, कारण चड्डी काळी झालेली असायची. फ्रेडरिक्सने टोपी काढली, त्याला 'मालक' म्हणाला, तिकीट मागितलं, नाणं सरकवलं आणि गेला. त्याच्या चेहऱ्यावरची एक रेघही हलली नाही. त्याच्या मागची बाई चर्चमध्ये सिरिलच्या शेजारच्या बाकावर गायची. तीही 'मालक' म्हणाली. तिच्या मागचा म्हातारा, त्याच्या मागची पोरगी, सगळे तसेच. एखाद्याने डोळे विस्फारले असते, एखादा दचकला असता, तर सिरिलला बरं वाटलं असतं. निदान त्यांनाही घाम फुटतो असं कळलं असतं. पण ते दचकत नव्हते. ते त्याला सांभाळून घेत होते, रांगेतला शेवटचा माणूससुद्धा, आणि त्या सांभाळण्याचा त्याला असा संताप आला की त्याने एका म्हाताऱ्याचं सुट्टं नाणं मुद्दाम जमिनीवर पडू दिलं. म्हाताऱ्याने ते वाकून उचललं आणि आभार मानले. त्या आभारांत टोमणा होता की नव्हता, हे सिरिलला सांगता येईना. हेच त्या लोकांचं त्याला कधी सहन झालं नव्हतं. ते तुमच्यावर उपकार करतात आणि उपकाराची पावती मागत नाहीत. मग तो उपकार कधी फिटतच नाही.

हे त्यांना त्या दिवशी कोणी सांगावं लागलं नव्हतं. रस्ता कसा ओलांडायचा हे जसं लहान मुलांना शिकवतात, तसंच त्या गल्लीत हेही शिकवलं जायचं: आपल्यातला जो गोरा होऊन गेला तो बाजारात समोरून आला तर त्याला ओळखायचं नाही. तो दुकानाच्या काचेकडे तोंड करून उभा राहील, आत मांडलेल्या वस्तू बघत राहील. आपण त्याच्या पाठीमागून निघून जायचं. मान वळवायची नाही, चाल मंद करायची नाही. लहान मुलं विसरतात, म्हणून आया घरातच हा खेळ लावायच्या. एकाने काका व्हायचं आणि कपाटाकडे तोंड करून उभं राहायचं, बाकीच्यांनी मागून जायचं, जो हसेल किंवा हाक मारेल तो बाद. सिरिल कधी बाद झाला नाही. त्याचा मोठा भाऊ रूबेन दर वेळी बाद व्हायचा. त्याला काकाच्या पाठीत बोट खुपसल्याशिवाय पुढे जाताच येत नसे. पुढे सिरिल स्वतः काचेसमोर उभा राहिला. बायकांच्या आतल्या कपड्यांचं दुकान होतं ते, आणि तो गुलाबी कमरपट्ट्यांकडे टक लावून बघत होता, आणि मागून आईची पावलं आली, डावा पाय जरा ओढत टाकलेला, आणि गेली. काचेत तिची टोपी दिसली. काचेच्या आतल्या दुकानदारिणीला वाटलं, काय निर्लज्ज माणूस आहे.

रूबेन शाळेत सगळ्यांच्या पुढे होता. आईबरोबर जिने पुसायला जाण्यात त्याचं एक वर्ष बुडालं म्हणून दोघे भाऊ एका वर्गात आले, आणि पोस्टाची परीक्षा दोघांनी एकदमच दिली. रूबेनला जास्त गुण मिळाले. म्हणून आधी तो गेला, शहरातल्या मोठ्या कचेरीत, मागच्या दाराने. सायकलवरून तारा वाटायची जागा आहे, तीही कोणी मेला किंवा दमला तर, असं त्याला सांगण्यात आलं. खिडकीमागची का नाही, असं त्याने विचारलं तेव्हा साहेब टेबलावर ठेवलेल्या त्याच्या हाताकडे नुसता बघत राहिला, शेवटी रूबेननेच हात उचलून खिशात घातला. दुसऱ्या दिवशी सिरिल गेला. डोंगरावरून वारा सुटला होता, डोळ्यांत रेती जात होती, आणि तो मागच्या दाराकडे वळत असताना पहाऱ्यावरच्या एका म्हाताऱ्या गोऱ्याने त्याचा दंड धरला. "तिकडे कुठे बाळा?" तो म्हणाला. "तो दरवाजा त्यांचा. चल, इकडून आत ये, वाऱ्यात उभा राहू नकोस." आयुष्यात कुठलाही गोरा माणूस सिरिलशी इतक्या मायेने बोलला नव्हता. तो आत गेला. आत कोणी काही विचारलं नाही. त्याचा चेहरा बघूनच कागद पुढे आला, आणि त्याने सही केली. खोटं बोलायची वेळच आली नाही. त्यानंतर कितीदा तरी मनातल्या मनात वाद घालताना तो त्या म्हाताऱ्याचा हात पुढे करायचा: मी गेलो नाही, मला नेलं. पण वाद घालायला समोर कोणीच नसायचं. आईनेसुद्धा भांडण केलं नाही. तिने त्याच्या शर्टाला इस्त्री केली, कॉलर दोनदा, आणि म्हणाली, "आता बाजारात मला ओळखायचं नाही. मीही ओळखणार नाही."

त्याला वाटलं होतं, पैसे तर पाठवता येतील. एकाच शहरात, एकाच परीक्षेनंतर, खिडकीमागच्या माणसाचा पगार बंदरावर बर्फात मासळीचे खोके उचलणाऱ्या रूबेनच्या कितीतरी पट होता. रूबेनच्या बोटांची संवेदना जाऊन ती लाकडासारखी झाली होती, आई अजून गोऱ्यांच्या कचेऱ्यांचे जिने गुडघ्यांवर बसून पुसत होती. वर्षभर दर शुक्रवारी तो रेल्वेच्या कुंपणापाशी जायचा, रूबेन पलीकडून यायचा, पाकीट घ्यायचा. मग हेस्टरशी लग्न झालं. हेस्टर चांगली मुलगी होती, घर नीट चालवणारी, पगार हातात घेऊन भाडं, दूध, पडदे असा पै-पैचा हिशेब करणारी, आणि पाकीट हलकं होत गेलं, मग दोन शुक्रवार चुकले, मग तो गेलाच नाही. रूबेन किती शुक्रवार कुंपणाशी उभा राहिला असेल, कोण जाणे. रागाने ओरडत दारात आला असता तर सिरिलने त्याला पोलिसात दिलं असतं आणि मोकळा झाला असता. पण तो आला नाही. त्या घरातल्या सगळ्यात चांगल्या नोकरीचा त्या घराला काही उपयोग झाला नाही. उलट एक कमावता हात गेला, आणि खोलीचं भाडं दोघांवर आलं. हे सगळं सिरिलला कळत होतं. कळत होतं म्हणूनच त्याला त्यांचा राग यायचा.

दुपारच्या आधी बेसी खिडकीशी आली. बेसी म्हणजे शेजारच्या खोलीतली, आई कामाला गेली की ज्या बाईच्या हातची भाकरी खाऊन तो वाढला ती. पुढचे दात पडलेले, तोंड मात्र तसंच धारदार. तिने कोपर खिडकीवर टेकलं, सिरिलला न्याहाळलं, आणि मागे वळून रांगेला म्हणाली, "नवीन मालक आलेत वाटतं. आधीचे मालक चिडले की लालबुंद व्हायचे. हे होत नाहीत गं. हे नुसते पिवळे पडतात."

रांगेत खसखस पिकली. स्वानपूल किटलीपाशी उभा होता, त्याने विचारलं की काय म्हणतेय ती. बेसी वाकून आत बघत आदबीने म्हणाली, "काही नाही साहेब. म्हटलं, या मालकांना उन्हात धाडू नका. यांची कातडी जपायला हवी."

स्वानपूल पोट धरून हसला. या लोकांच्या तोंडाला तोड नाही, असं त्याचं मत होतं, आणि ते तो कौतुकाने सांगायचा. सिरिल मात्र ओरडला. तिकीट घ्यायचं असेल तर घे, नाहीतर चालती हो, असं तो ओरडला, आणि आवाज त्याला स्वतःलाच परका वाटला, भिंतीपलीकडून आल्यासारखा. बेसीचं हसू गेलं. तिने उघडलेली पर्स बंद केली. "तिकीट राहू दे," ती म्हणाली. "घरी जाऊन एका बाईला घेऊन येते. तिचं काम माझ्यापेक्षा निकडीचं आहे." आणि रांग सोडून ती दाराबाहेर पडली.

ती कोणाला आणणार हे कळायला वेळ लागला नाही. पोट दुखतंय म्हणून उठून जावं असं त्याच्या मनात आलं, पण तो उठला तर या स्टुलावर स्वानपूल बसणार, आणि मग आई जे बोलेल ते स्वानपूलच्या तोंडावर बोलेल. इथे बसून राहणं हाच एक मार्ग होता. तो शिक्के मारत राहिला. ती का येईल हेही त्याला माहीत होतं. मागच्या महिन्यात घरी एक पार्सल आलं होतं. नऊ वर्षांत तिने कधी एक ओळ पाठवली नव्हती, पण मुलगी झाल्याचं त्याने हेस्टरच्या हट्टासाठी वर्तमानपत्रात पत्त्यासकट दिलं होतं, ते तिने कुठेतरी वाचलं असणार. पाठवणाऱ्याच्या जागी एम. यान्सन आणि पुलाखालची गल्ली. ही एम. यान्सन कोण, हेस्टरने विचारलं. तुमच्यातलं कोणी तिकडे राहतं? तिकडे तर सावळे लोक राहतात ना? तो म्हणाला, दुसरा कोणी यान्सन असेल, पोस्टात असे घोळ रोज होतात, माझ्याहून जास्त कोणाला ठाऊक. पाळण्यात लीसा झोपली होती. ती जन्मली तेव्हा दवाखान्यात त्याने आधी तिच्या नखांची मुळं बघितली होती, मग कानामागची कातडी, कारण रंग पुढे कुठे उतरणार ते तिथे कळतं असं म्हातारी माणसं म्हणत. नर्सला वाटलं, किती हौशी बाप आहे. अजूनही तो रोज आंघोळीच्या वेळी बघायचा. एका माणसाने एक वाक्य सांगितलं की पुरे होतं. नोकरी जाईल हे तर झालंच. पण सावळ्या माणसाचं गोऱ्या बाईशी लग्न कायद्याने लग्नच नव्हतं, घर गोऱ्यांच्या वस्तीतलं होतं, आणि लीसाला सरकारी माणसं टेबलावर ठेवून तिचे केस, तिची नखं बघून ठरवणार होती की ही कोण. म्हणून त्याने पार्सल उघडलं नाही. त्यावर लिहिलं, या नावाचे येथे कोणी राहत नाही, आणि परत धाडलं. त्याच्या हातून एकच चूक झाली. ते त्याने स्वतःच्या हाताने लिहिलं. ते अक्षर ओळखायला आईला चष्मा लागणार नव्हता.

ती आली तेव्हा रांगेने न सांगता वाट दिली. तिने चर्चला जायची टोपी घातली होती, आणि पायात मात्र कामाचेच बूट होते, सुजलेली बोटं मावावीत म्हणून पुढून कापलेले. ती किती लहान झाली होती. पार्सल तिने दोन्ही हातांनी वर उचलून खिडकीच्या कट्ट्यावर ठेवलं. सिरिलची नजर आधी पत्त्यावर गेली, आणि त्याला क्षणभर काही कळेना. पत्ता नव्हता. नाव, रस्ता, पाठवणारीचं नाव, सगळं तिने सुरीने खरवडून काढलं होतं, कागद पातळ होईपर्यंत. फक्त खाली त्याने लिहिलेली ओळ शाबूत होती.

"हे परत आलं," ती म्हणाली.

"मग?"

"परत कोणी पाठवलं ते विचारायचंय."

"त्यावर लिहिलंय. वाचता येत नाही?"

"येतं. या नावाचं इथे कोणी राहत नाही, असं लिहिलंय." ती त्याच्याकडे बघत नव्हती, कट्ट्यावरच्या शाईच्या डागाकडे बघत होती. "मग ज्याने हे लिहिलं, तो तिथे कोणत्या नावाने राहतो?"

पुलावरून गाडी गेली आणि तिची थरथर तिकिटांच्या कपाटात ऐकू आली. स्वानपूल हातात कप घेऊन मागे येऊन उभा राहिला. काय भानगड आहे, असं त्याने विचारलं. सिरिलच्या आधी आईच बोलली. एक मुलगा मी वाढवला साहेब, ती म्हणाली, त्याला आता मुलगी झालीय, तिच्यासाठी विणलेलं पाठवलं होतं. स्वानपूलने मान डोलावली. ज्या घरी ही कामाला होती तिथलं पोर, त्याने सिरिलला समजावून सांगितलं. या आया फार जीव लावतात. असं समजणं त्याला सोपं होतं, त्या शहरातल्या कुठल्याही गोऱ्या माणसाला सोपं होतं, आणि तिने ते जाणूनबुजून सोपं करून ठेवलं होतं. सिरिलने सुटकेचा श्वास घ्यायला हवा होता. पण त्याच्या आत नऊ वर्षं साठलेलं काहीतरी घाणेरडं वर आलं, कारण ती आता तोंड उघडून त्याला वाचवतही होती.

"वाढवलंस म्हणजे उपकार केलेस का?" तो म्हणाला. "त्याचा पगार मिळाला असेल ना तुला?"

"मिळाला," आई म्हणाली. "वर्षभर, दर शुक्रवारी. मग बंद झाला."

मागे कोणीतरी खोकलं.

"पोरं मोठी होतात. त्यांचे संसार होतात. जुन्या बायका मागे लागल्या की त्यांची पंचाईत होते. एवढी साधी गोष्ट कळत नाही तुला?"

"कळते. म्हणून मी कधी दारात गेले नाही. तिची नखं बघायला मागितली नाहीत." आता तिने वर पाहिलं. तिच्या डोळ्यांत पाणी नव्हतं. तो लहान असताना खोटं बोलला की ती असंच बघायची, कंटाळल्यासारखी. "थंडी येतेय म्हणून जाकीट विणलं. तेवढंच."

"हे बघ म्हातारे," तो म्हणाला, आणि त्याचा आवाज चढला, "पत्ता तू खरवडून टाकलायस. पाठवायचं असेल तर नाव सांग, पत्ता सांग, तिकिटाचे पैसे टाक. मोठ्याने सांग. नाहीतर बाजूला हो, मागे लोक उभे आहेत."

बोलून झाल्यावर त्याला कळलं की आपण काय मागितलं. स्वानपूल त्याच्या खांद्यामागे पेपरमिंटचा श्वास सोडत उभा होता. ते नाव रांगेतल्या प्रत्येकाला माहीत होतं. बेसी दाराशी होती, तिने ओठ गच्च मिटले होते. फ्रेडरिक्स पुन्हा कधी आत येऊन उभा राहिला होता कोण जाणे. आईचे ओठ हलले, आणि त्या क्षणी सिरिलला वाटलं, सांगू दे, एकदाचं सांगून टाकू दे. आणि लगेच त्याचा हात खिडकीची फळी खाली ओढायला वर गेला.

"नाव राहू दे," आई म्हणाली. "त्या नावाचं आता इकडेही कोणी राहत नाही. ठेवून घे, नाहीतर जाळून टाक."

ती वळली. पण तिच्या गुडघ्यांना तेवढं उभं राहणं जड गेलं होतं, आणि दारापर्यंत न पोचता ती भिंतीला लावलेल्या बाकावर बसली, धापा टाकत, टोपी सारखी करत. बेसी तिच्याजवळ गेली नाही. कोणीच गेलं नाही. आत्ता कोणी जवळ गेलं असतं तर ती ओळखीची, दुखावलेली बाई झाली असती.

स्वानपूलने सिरिलच्या पाठीवर थाप मारली. तो फार खूश होता. आधीचा माणूस रडकुंडीला यायचा, म्हणाला, आणि तू न डगमगता बाईला वाटेला लावलंस. या खिडकीला असाच माणूस हवा होता. सोमवारपासून तू इथेच ये, मी आजच वर फोन करतो, या खिडकीला भत्ताही जास्त आहे, बायको खूश होईल. सिरिलने तोंड उघडलं. कारण द्यायला हवं होतं, आणि सकाळी नव्हतं तसं ते आत्ताही नव्हतं. "मेहरबानी साहेब," तो म्हणाला.

पत्ता नसलेलं पार्सल दोन माणसांसमोर उघडायचं असा नियम होता, आणि स्वानपूलला अशी पार्सलं उघडायला आवडायचं. त्याने खिशातल्या चाकूने सुतळी कापली. पातळ कागदात गुंडाळलेलं एक जाकीट निघालं, पांढऱ्या लोकरीचं, कडेला पिवळी वेल, बटणांवरसुद्धा लोकर चढवलेली. स्वानपूलने ते उजेडात धरलं. एक टाका इकडचा तिकडे नव्हता. "देव असतो या बायकांच्या बोटांत," तो म्हणाला. "मलाही अशाच एकीने वाढवलं." मग त्याने ते सिरिलपुढे धरलं. "तुझी पोरगी लहान आहे ना? घेऊन जा. कोण येतंय विचारायला?"

फळी उघडीच होती. बाक खिडकीपासून हाताच्या अंतरावर होता. आईची मान वर झाली नाही, पण तिचं टोपी सारखं करणं थांबलं. सिरिलला ते दिसलं. जाकीट त्याच्या हाताला लागत होतं, लोकर मऊ आणि जराशी उबदार, कदाचित ऊनच लागलं असेल येताना. फक्त बोटं मिटायची होती. घरी नेता आलं असतं, हेस्टरला सांगता आलं असतं की साहेबांनी दिलं, आणि ते खरंच होतं. पण गोरेपण अंगचं असलेल्या माणसाला जे सहज जमतं ते त्याला कधी जमलं नव्हतं. त्याला दर वेळी थोडं जास्तच गोरं व्हावं लागायचं. विचार पोचण्याआधी जीभ चालून गेली.

"त्यांच्या हातचं आमच्या घरात चालत नाही, साहेब."

स्वानपूल चघळायचा थांबला. "त्यांच्या हातचं?" तो म्हणाला. "अरे, आम्ही सगळे त्यांच्याच हातचं खाऊन एवढे झालो." आणि तो सिरिलकडे बघत राहिला, गरजेपेक्षा जरा जास्त वेळ, कपाळावर एक बारीकशी आठी घेऊन, जणू एखादं तिकीट खरं की खोटं हे पारखतोय. मग पेपरमिंट एका गालातून दुसऱ्या गालात गेलं. "बरं बाबा, ज्याचं त्याचं घर. माझ्या नातीला होईल." त्याने जाकिटाची घडी घातली आणि ते काखेत धरलं.

आई उठली. बाकाच्या हाताला धरून, मग भिंतीला धरून. ती खिडकीच्या कडेने आली आणि सिरिलला ओलांडून पलीकडे बघत म्हणाली, "साहेब, ते गरम पाण्यात धुऊ नका. लोकर आहे, आटेल."

"सुनेला सांगतो," स्वानपूल आनंदाने म्हणाला.

तिने मान हलवली आणि डाव्या दाराने बाहेर गेली, एक पाय ओढत. रांग एक पाऊल पुढे सरकली. पुढच्या माणसाने टोपी काढून कट्ट्यावर नाणी ठेवली आणि दोन तिकिटं मागितली, आणि सिरिलने ती फाडून दिली.